तीन बशा धोंडस

"निखारे झाकणावर ठेव गं, माझ्या पायावर नकोत!" आई ओरडली.

ती चुलीपासून जरा लांब पाटावर बसली होती. विहिरीच्या पायरीवर घसरून तिचा उजवा हात दुखावला होता आणि आता तो फडक्यात बांधून गळ्यात अडकवला होता. तोंड मात्र शाबूत होतं, आणि त्या संध्याकाळी ते जरा जास्तच चाललं होतं. मी चिमट्याने एकेक निखारा उचलून पातेल्याच्या झाकणावर मांडत होते. धोंडसाला खालून मंद आच लागते आणि वरून निखारे. मधे काकडी, गूळ आणि तांदळाचा रवा बिचारे दोन्हीकडून भाजून निघतात.

"आता हात लावू नकोस. रात्रभर तसंच मुरू दे. सकाळी नुसतं कापायचं आणि बशीत ठेवायचं."

"हे तू दहाव्यांदा सांगतेयस."

"अकराव्यांदाही सांगेन. विहीणबाई येतायत उद्या. पोहे केले तर त्या येईपर्यंत गार. घावन घालावेत तर मी अशी लुळी, आणि तू चुलीपुढे डोळे चोळत बसणार. धोंडस बरं. पाहुण्यांपुढे धावपळ नको."

सकाळी आमची रत्नाताई येणार होती, भाऊजी आणि सासूबाईंबरोबर. आमच्या गावाच्या वर डोंगरात देवीचं देऊळ आहे, तिथे त्यांचा अभिषेक होता. जाताना आमच्याकडे चहा-फराळ आणि मग पुढे. पण आईचा जीव अडकला होता तो वेगळ्याच गोष्टीत. लग्नाला दोन वर्षं होऊन गेली, पण ताई माहेरी एक रात्रसुद्धा राहिली नव्हती. कधी भातकापणी, कधी नणंदेचं बाळंतपण, कधी दुकानात माल यायचाय. गेल्या महिन्यात बाबा स्वतः जाऊन हात जोडून आले होते, "आठ दिवस पाठवा हो पोरीला." तेव्हा सासूबाई म्हणाल्या होत्या, "बघू. देवीला येतोच आहोत, तेव्हा ठरवू."

त्या एका 'बघू'वर आईने ताईची गोधडी उन्हात घातली होती, माळ्यावरची तिची पेटी खाली काढली होती, आणि मला धोंडसाला जुंपलं होतं.

"काकडीचं टोक बघितलंस ना?" आईने विचारलं.

"हो गं बाई. टोक कापलं, घासलं, फेस काढून टाकला. सगळं केलं."

खरंच केलं होतं. आढ्याला टांगलेल्या जून, पिवळ्या काकड्यांमधली सगळ्यात मोठी मी काढली होती. टोक कापून ते काकडीवर गोल गोल घासलं, पांढरा फेस आला, तो पुसून टाकला. फेसाबरोबर कडूपणा निघून जातो असं मला वाटायचं. चाखलं मात्र नव्हतं. त्यातला पहिला तुकडा देवाला दाखवायचा होता, आणि आईचा दंडक होता की नैवेद्याच्या आधी उष्टं करायचं नाही. टोक चाखल्याने काही काकडी उष्टी होत नाही, हे मलाही कळत होतं. पण आमच्या घरी चाखण्याचं काम माझं कधी नव्हतंच. ते ताईचं.

लहानपणी बाबा काकडी कापायचे आणि पहिली चकती तिच्या तोंडात घालायचे. कडू असली की ताई "कडूऽऽ!" म्हणून अशी थुंकायची की तुळशीपर्यंत जायचं. बाबा म्हणायचे, "आमच्या रत्नीची जीभ म्हणजे सोनाराची कसोटी. तिच्यापुढे खोटं चालत नाही." कारल्याची भाजी असली की ती दुपारी शेजारच्या शेवंताकाकूंकडे जेवायला जायची. मी कारलं मिटक्या मारत खायचे, म्हणून मला जिभेतलं काही कळत नाही असं घरात ठरून गेलं होतं.

सकाळी मी पातेलं उपडं केलं. धोंडस अख्खं निघालं. खाली हळदीच्या पानाची शीर उमटलेली, कडेने खरपूस, वर काजू. आई बघत राहिली. "इंदे, हात आहे हो तुला," म्हणाली. मी एक तुकडा पितळी वाटीत घालून देवापुढे ठेवला. माझी मान ताठ झाली होती, खोटं कशाला सांगू. तेव्हा मी अकरावीत होते आणि पाहुण्यांसाठी एकटीने केलेला तो माझा पहिला पदार्थ होता.

जीप आली. सासूबाई आधी उतरल्या. अंगाने भारदस्त, नऊवारी कडक, नजर घरभर फिरणारी. मागून भाऊजी, शेवटी ताई. ताई बारीक झाली होती. आईने तिच्या गालावरून डावा हात फिरवला, पण बोलली विहीणबाईंशीच, "या, बसा, प्रवास कसा झाला?"

मी बशा मांडल्या. सासूबाईंपुढे, भाऊजींपुढे, ताईपुढे. सासूबाईंनी चहाची बशी हातात घेतली. "आधी चहा. घसा कोरडा झालाय," म्हणाल्या. भाऊजी जीपवाल्याला पाणी द्यायला उठले होते. ताईने मात्र बसता बसता तुकडा मोडून तोंडात घातला.

"कसं झालंय?" मी विचारलं.

ती चावत होती. चावायची थांबली. मग पुन्हा चावली आणि गिळलं.

"मस्त," ती म्हणाली. "मस्तच झालंय गं."

आणि बघता बघता तिची बशी रिकामी. सासूबाईंनी चहा संपवला आणि आपल्या बशीकडे हात नेला, तर ताईने ती बशी चक्क उचलली.

"सासूबाई, तुम्हाला नको. गुळाने तुम्हाला पित्त होतं."

"मला? अगं, रोज सकाळी गुळाचा खडा खाते मी!"

"काकडीबरोबर नको," ताई म्हणाली, आणि त्यांचा तुकडासुद्धा तोंडात घातला. मोठा घास. गाल फुगले.

आईने माझ्याकडे बघितलं, मी आईकडे. बाबा खाकरले. तेवढ्यात भाऊजी आले. ते बसायच्या आत ताईने त्यांची बशी ओढून घेतली. "तुम्हाला पडसं आहे." भाऊजी म्हणाले, "मला? कधीपासून?" आणि हसायला लागले. पण सासूबाई हसत नव्हत्या.

"अगं बाई," त्या म्हणाल्या, "आम्ही काय हिला उपाशी ठेवतो की काय? बघणाऱ्याला तेच वाटायचं."

"छे छे, असं कसं म्हणता विहीणबाई," आईचा चेहरा लालबुंद झाला. "रत्ना, अगं तू... इंदू, ते ताट आण बघू, विहीणबाईंना दुसरं वाढ."

मी धोंडसाचं ताट आणलं. ताईने ते माझ्या हातातून घेतलं. "एवढं मी बांधून नेते," ती म्हणाली. "वाटेत खाईन." आणि पिशवीतून डबा काढून सगळे तुकडे त्यात भरलेसुद्धा!

आता मला राहवेना. माझ्या पहिल्या पदार्थाची वाहवा व्हायची सोडून हा काय तमाशा? आणि सासूबाईंपुढे आमच्या घराची शोभा! मी म्हटलं, "ताई, ताट तरी ठेवतेस का चाटून नेतेस? एवढी हावरट कधीपासून झालीस गं?"

सगळ्यात मोठ्याने हसल्या त्या सासूबाई. "बघा, धाकटी बोलली! लहान तोंडी खरा घास!"

ताईने माझ्याकडे एकदा बघितलं. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. मला वाटलं, लाज वाटली असेल. म्हटलं, वाटू दे, वाटायलाच हवी.

आईने घाईघाईने चिवडा आणि केळी पुढे केली. कुणी फारसं खाल्लं नाही. निघताना बाबांनी चाचरत विषय काढला, "मग ते... आठ दिवसांचं?"

सासूबाई पदर सावरत म्हणाल्या, "राहू दे हो आता. माहेरचं बघून पोरीच्या तोंडाला असं पाणी सुटत असेल, तर आठ दिवसांत काय होईल? बघू पुढच्या वर्षी." आणि जीपमध्ये जाऊन बसल्या. ताई डबा पोटाशी धरून मागे बसली. जीप धुरळा उडवत गेली.

आई ओसरीतच बसली. "काय झालं पोरीला? लहानपणी असं कधी केलं नाही हो. मीच काहीतरी कमी केलं असणार संस्कारात."

"खायला तरी मिळत नसेल तिकडे," मी फणकाऱ्याने म्हटलं.

बाबा उठले, देव्हाऱ्यातली पितळी वाटी घेऊन आले. "चला, प्रसाद तरी घ्या. देवापुढचा तेवढा वाचलाय." त्यांनी तुकड्याचे तीन भाग केले. आम्ही तिघांनी एकदमच तोंडात टाकले.

आधी गूळ लागला. मग खोबरं. मग जिभेच्या मुळाशी जे उठलं, ते थेट कानशिलापर्यंत गेलं. कडूजहर! मी पळत जाऊन अंगणात थुंकले, चूळ भरली, परत भरली, तरी जाईना. आत आले तर बाबा तसेच उभे होते, घास तोंडात धरून. आईने पदरात थुंकलं होतं, आणि ती रडत होती.

"माझी लाज राखली गं तिने," आई म्हणाली. "आणि मी तिच्यावर डोळे वटारले."

एका घासाने माझी ही गत. तिने तीन बशा खाल्ल्या होत्या, आणि वर "मस्त" म्हणाली होती. जी कडू काकडी तुळशीपर्यंत थुंकायची, ती! आणि मी तिला काय म्हणाले होते? मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"एवढं कडू पोटात गेलं म्हणजे आजारी पडेल पोर," बाबा म्हणाले. "उलट्या होतात त्याने."

"मी जाते," मी म्हटलं. "ताईच्या सासूबाईंना खरं काय ते सांगते. सगळी चूक माझी म्हणून सांगते. मग ठेवतील तिला इथे."

जीपचा रस्ता डोंगराला वळसा घालून जातो, पण आमच्या घरामागून देवळापर्यंत पाखाडी आहे, दगडी पायऱ्यांची. मी धावतच चढले. चढताना वाक्यं जुळवत होते. 'काकडी मी चाखली नव्हती. ताई हावरट नाही. मला काय हवं ते बोला, पण तिला आठ दिवस ठेवा.' कितीतरी वेळा पाठ म्हटलं.

वर पोचले तर ताई देवळाच्या कट्ट्यावर बसली होती. चेहरा पांढराफटक, केस ओले, पदर ओला. आणि सासूबाई तिच्या पाठीवरून हात फिरवत होत्या. माझ्यावर नजर पडताच त्यांचा चेहरा असा फुलला, की मी ओळखलंच नाही त्यांना.

"अगोबाई, इंदू! तुला कसं कळलं गं? ये, ये इकडे. मावशी होणार तू!"

मी धापा टाकत तशीच उभी.

"जीपमधून उतरली आणि भडाभडा ओकली. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला! म्हटलं, तरीच पोरगी सकाळी अशी वागली. आमच्याकडे कधी मागून घेत नाही ती. डोहाळेच ते! आणि मी काय बोलले तिला! जळली माझी जीभ." त्यांनी खरंच स्वतःच्या तोंडावर हलकी चापट मारून घेतली. "गुरवाकडून देवीपुढचा नारळ मागून ओटी भरली तिची. आता आठ दिवस कसले, चांगले पंधरा दिवस राहू दे माहेरी. आईच्या हातचं खाऊ दे."

भाऊजी खांबाला टेकून लाजत हसत होते. ताईच्या पदरात नारळ होता, तांदूळ होते, हळकुंड होतं. ती मान खाली घालून बसली होती. मग तिने मान वर करून माझ्याकडे बघितलं. काही मागत नव्हती, नुसती बघत होती. मी इथवर कशाला आले ते तिने माझ्या तोंडाकडे बघूनच ओळखलं असणार.

आणि मी, जी पाखाडीभर पाठ करत आले होते, ती मी म्हटलं, "हो का? अय्या!"

पंधरा दिवस, मी मनात म्हटलं. आई किती खूश होईल. सासूबाई किती गोड बोलतायत. आणि आपल्या कडू काकडीचा विषयसुद्धा निघायला नको. एवढं सगळं माझ्या मनात आलं, आणि मी वाकून सासूबाईंच्या पाया पडले. वर हसलेसुद्धा.

ताईने नारळ पदरातून काढला आणि सासूबाईंपुढे धरला.

"तसं काही नाही, सासूबाई."

"म्हणजे?"

"दिवस गेलेले नाहीत मला. काकडी कडू होती. धोंडस कडू होतं. तुमच्या तोंडात जाऊ नये म्हणून मी खाल्लं. डब्यातलं वाटेत दरीत टाकलं."

देवळात कुणीतरी घंटा वाजवली. सासूबाईंचा हात ताईच्या पाठीवर होता, तो तिथेच राहिला.

"कडू?" त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं.

तेव्हा कुठे मी मान हलवली.

"अगं, मग सांगायचं नाहीस का मला? दोन घास पोहे खाल्ले असते मी. त्यात काय एवढं?"

"सांगितलं असतं," ताई हळू म्हणाली, "तर तुम्ही जन्मभर म्हणाला असता, तुझ्या माहेरी आम्हाला कडू वाढलं."

भाऊजी खांबापासून पुढे झाले. "म्हणाली असतीस, आई," ते म्हणाले.

सासूबाई नाकातली नथ उगाच सारखी करत राहिल्या. मग म्हणाल्या, "हो. म्हणाले असते."

त्यांचा चेहरा उतरला होता. मघाच्या आनंदाचं काय करावं ते त्यांना कळत नव्हतं, आणि ते मला बघवत नव्हतं. ताई अजून नारळ पुढे धरून होती. सासूबाईंनी तो नारळ घेतला, आणि परत तिच्या पदरात ठेवला.

"ओटीत घातलेलं कुणी परत घेतं का? ठेव तो. देवीला घाई नाही, मलाही नाही." मग डोळे पुसून जरा नेहमीच्या आवाजात म्हणाल्या, "आणि जा, आठ दिवस राहून ये. पंधरा म्हणाले होते ते खऱ्या कारणासाठी राखून ठेवते."

ताई त्यांच्या खांद्यावर डोकं टेकून रडली. मी बाजूला उभी होते. माझं तिथे काहीच काम नव्हतं.

उतरताना पाखाडीवर मी तिचा हात धरला होता. तिला चक्कर येत होती. निम्म्यावर आल्यावर माझ्याच्याने राहवेना.

"ताई, मी तुला हावरट म्हणाले."

"म्हणालीस."

"सगळ्यांसमोर."

"ते नाही लागलं गं. तुला माहीतच नव्हतं तेव्हा." ती एका पायरीवर टेकली. दम घेतला. "वर देवळात गप्प राहिलीस ना, ते लागलं. वर तुला माहीत होतं."

मी तिच्याकडे बघूच शकले नाही. पायरीच्या फटीत गवत होतं, ते उपटत राहिले. या गोष्टीला कितीतरी वर्षं झाली. ताईला पुढे दोन मुलं झाली, सासूबाईंनी ते राखून ठेवलेले पंधरा दिवस अगदी आठवणीने दिले, आणि त्या दोघींचं नंतर असं जमलं की आई कधी कधी रुसायची. पण ती पायरी आठवली की आजही माझे कान तापतात.

घरी आलो. आईने एका हाताने ताईला धरून ठेवलं, सोडेचना. ताई मऊ भात जेवली, निजली. उन्हं कलल्यावर उठली आणि आढ्याकडे बघत म्हणाली, "अजून आहेत की काकड्या. बाबा, एक काढा."

"अगं, पुरे आता काकडी!" आई ओरडली.

"पुरे कशी? उद्या शेवंताकाकू मला भेटायला आल्या तर त्यांना काय वाढशील, आणखी एक कडू?"

बाबांनी काकडी काढली, टोक कापलं, पुढची चकती काढली, आणि सवयीने ताईपुढे धरली. तिने ती घेतली नाही.

"माझ्या तोंडाला आज चव नाही," ती म्हणाली. "इंदू, तू चाख."

सगळे माझ्याकडे बघत होते. मी चकती तोंडात घातली, चावली. क्षणभर वाटलं, म्हणावं गोड आहे. आई नुकती कुठे हसायला लागली होती.

"कडू आहे," मी म्हटलं.

"मोठ्याने," ताई म्हणाली.

"कडू आहे!"

"मग थुंक की बावळट, गिळतेस कशाला?"